अम्माऊसच्या वाटेवरचे दोन बाप



आजच्या शुभवर्तमानात दोन माणसे यरुशलेम सोडून निघाली आहेत. अम्माऊस गाव तिथून साधारण ११ किलोमीटरवर, म्हणजे दोन-अडीच तासांची पायपीट. एकाचे नाव क्लयपा, दुसऱ्याचे नाव संत लूकने सांगितलेले नाही. चेहरे उतरलेले आहेत आणि बोलणे एकाच गोष्टीभोवती फिरते आहे. शुक्रवारी काय घडले, कोणी पकडून दिले, कोण तिथे होते, कोण पळाले. जिथे आपल्या माणसाला मारले त्या शहराकडे पाठ करून ती दोघे चालली आहेत.

असले बोलणे आपल्याला परके नाही. १२ मार्च १९९३ हाही शुक्रवारच होता. दुपारी दीडच्या सुमारास मुंबईच्या शेअर बाजाराच्या इमारतीत स्फोट झाला, मग एअर इंडियाच्या इमारतीपाशी, मग दादर, वरळी, झवेरी बाजार. दोन-सव्वादोन तासांत २५७ माणसे गेली. फोर्ट आणि नरीमन पॉइंटला नोकरीला जाणारी आपली माणसे त्या रात्री मिळेल त्या गाडीने वसईला पोचली आणि पुढे कित्येक दिवस ओटीवर, चर्चच्या आवारात, गाडीच्या डब्यात आपण क्लयपासारखेच बोलत राहिलो. मी पाच मिनिटे आधी तिथून निघालो होतो. आमच्या ऑफिसातला एक जण गेला. हे कोणी केले ते सगळ्यांना ठाऊक आहे. २००३ साली गेटवे ऑफ इंडियापाशी, २००६ साली आपल्याच पश्चिम रेल्वेच्या गाड्यांत आणि २००८ साली ताजमध्ये जे झाले त्यानंतरही बोलणे हेच होते.

आज मात्र आपण दूरच्या एका शहराकडे जाणार आहोत. कारण तिथल्या गोष्टीत आपल्या ख्रिस्तसभेची माणसे दोन्ही बाजूंना आहेत.

१९९५ साली पास्काचा सण १६ एप्रिलला होता. त्यानंतरचा बुधवार, १९ एप्रिल. पास्काच्या अष्टकातल्या बुधवारी जगभरच्या चर्चमध्ये मिस्सात हेच अम्माऊसचे शुभवर्तमान वाचले जाते. अमेरिकेतल्या ओक्लाहोमा सिटीत त्या सकाळी ९ वाजून २ मिनिटांनी एका भाड्याच्या ट्रकचा स्फोट झाला. शेतीसाठी वापरतात त्या अमोनियम नायट्रेट खतात इंधन मिसळून दोन हजार किलोंहून जास्त स्फोटक त्या ट्रकमध्ये भरले होते. आपण वाडीला घालतो ते खत आणि हे, दोन्ही एकाच जातीचे. मनुष्याच्या हातात दिलेली वस्तू तो कशी वापरील हे त्याच्या मनावर असते. ट्रक आल्फ्रेड पी. मर्रा फेडरल बिल्डिंग या नऊ मजली सरकारी इमारतीसमोर उभा होता. इमारतीचा पुढचा भाग वरपासून खालपर्यंत कोसळला. १६८ माणसे मेली. त्यांत १९ मुले होती. दुसऱ्या मजल्यावर तिथल्या कर्मचाऱ्यांच्या मुलांसाठी पाळणाघर होते. आईबाप नुकतीच मुलांना सोडून कामाला लागले होते. आजूबाजूच्या तीनशेहून अधिक इमारतींचे नुकसान झाले.

रस्त्यापलीकडेच संत योसेफाचे जुने कॅथेड्रल आहे. त्याचीही मोडतोड झाली आणि फादरांचे निवासस्थान तर पाडूनच टाकावे लागले. त्या मोकळ्या झालेल्या जागेवर धर्मग्रामस्थांनी पुढे प्रभू येशूचा एक पांढरा पुतळा उभारला. प्रभू स्फोटाच्या जागेकडे पाठ करून उभा आहे आणि त्याने हाताने तोंड झाकले आहे. लाजरच्या थडग्यापाशी त्याला रडू आले होते, तो प्रसंग मनात धरून तो पुतळा घडवला आहे. समोर एक भिंत आहे आणि तिच्यात १६८ खाचा रिकाम्या ठेवल्या आहेत. पाठ क्लयपानेही केली होती आणि पाठ येशूनेही केली आहे, पण क्लयपा आशा सुटली म्हणून निघाला होता. येशू तिथून हललेला नाही.

आता त्या दिवसांतली एक गोष्ट सांगतो, जी ऐकायला आपल्याला जड जाते. स्फोट झाला आणि काही तासांतच टीव्हीवर बोलले जाऊ लागले की हे काम मध्यपूर्वेतल्या लोकांचे असणार. ओक्लाहोमा सिटीतच राहणारा, जॉर्डनी वंशाचा एक माणूस नातेवाइकांना भेटायला निघाला होता. त्याला लंडनहून परत पाठवून चौकशीला बसवले. त्याचा ह्या प्रकरणाशी काडीचाही संबंध नव्हता. खरा गुन्हेगार स्फोटानंतर सुमारे दीड तासातच, गाडीला नंबर प्लेट नाही एवढ्या कारणावरून एका पोलिसाच्या हाती लागला होता. टिमथी मॅकव्हे, वय २६, आखाती युद्धात पदक मिळवलेला गोरा अमेरिकन सैनिक. दोन वर्षांपूर्वी त्याच तारखेला टेक्सासमधल्या वेको इथे एका पंथाच्या वसाहतीवर सरकारने केलेल्या कारवाईत बरीच माणसे जळून मेली होती. त्याचा सूड म्हणून त्याने हे केले.

आणि तो कॅथलिक घरातला होता. लहानपणी बापाबरोबर मिस्साला जाणारा. १९८५ साली त्याचे दृढीकरण झाले होते. ज्या साक्रामेंतांसाठी आपण आपल्या मुलांना पांढरे कपडे शिवतो, फोटो काढतो, जेवणावळी घालतो, ते साक्रामेंत त्यालाही मिळाले होते. मुंबईतल्या प्रत्येक स्फोटानंतर आपण शेजारच्या वस्तीकडे कोणत्या नजरेने पाहिले, गाडीत दाढीवाल्या माणसाशेजारची जागा कशी रिकामी ठेवली, हे आपले आपण आठवावे. आम्हीही त्यातून सुटलेलो नाही. ओक्लाहोमाच्या स्फोटानंतर कुणी कॅथलिकांकडे त्या नजरेने पाहिले नाही. का पाहिले नाही, याचा विचार करायला हवा.

मेलेल्यांत ज्युली वेल्च नावाची २३ वर्षांची मुलगी होती. स्पॅनिश शिकलेली. इंग्रजी न येणारे लोक त्या सरकारी कार्यालयात यायचे, त्यांच्यासाठी ती दुभाषाचे काम करी. तिचा बाप बड वेल्च शहरात पेट्रोल पंप चालवायचा. आठ भावंडांतला, गाईगुरांच्या शेतावर वाढलेला, साधा कॅथलिक माणूस. दर बुधवारी बाप-लेक इमारतीजवळच्या एका हॉटेलात दुपारचे एकत्र जेवत. त्या बुधवारीही साडेअकराला भेटायचे ठरले होते.

एकुलती मुलगी गेली. बड वेल्च यांनी पुढे अनेक देशांत जाऊन आपली कथा सांगितली आहे आणि तिच्यात त्यांनी स्वतःला कुठेही सोवळे ठरवलेले नाही. पूर्वी त्यांचा फाशीला विरोध होता. स्फोटानंतर मात्र, खटलाबिटला नको, त्या पोराला ताबडतोब मारा, असे त्यांना वाटत होते. दारू वाढली. सिगारेटी वाढल्या. सकाळी डोके ठणकत असे. असे नऊ-दहा महिने गेले. रोज ते त्या जागेवर जाऊन उभे राहत. वाहनतळात एक जुने एल्मचे झाड होते. स्फोटाने त्याची पाने-फांद्या भाजून निघाल्या होत्या, तरी ते उभे होते. ज्युली आपली गाडी त्याच झाडाच्या सावलीत लावायची. १९९६च्या थंडीत एके दिवशी त्या झाडाजवळ उभे असताना त्यांनी स्वतःला विचारले, की ह्या दोघा आरोपींना फाशी दिल्यावर माझे नेमके काय बरे होणार आहे? उत्तर आले, काहीच नाही. ज्युली ज्यामुळे मेली तो सूडच होता, वेकोचा. आपण त्याच सुडाला खाऊपिऊ घालतो आहोत. मोटारीत रेडिओवर फाशीची बातमी लागली असता ज्युली एकदा म्हणाली होती, की हे लोक आपल्या मुलांना द्वेषच शिकवताहेत. ते बोलणेही बापाला आठवले.

हे एका दिवसात झाले असे मात्र कोणी समजू नये. क्षमा केल्यानंतरही संताप परत परत उसळून आला, हे ते स्वतःच सांगत. मिस्सात दर रविवारी आपण प्रभूने शिकवलेली प्रार्थना म्हणतो आणि तिच्यातले क्षमेचे वाक्य किती सहज जिभेवरून जाते! त्या बापाला ते वाक्य तोंडातून काढायला वर्षे लागली. ज्याला ते सहज म्हणता येते त्याच्या मनात क्षमा करण्याजोगे काही नसावे, किंवा मग त्याचे शब्दांकडे लक्ष नसावे.

टीव्हीवर त्यांनी एकदा मारेकऱ्याच्या बापाला पाहिले होते. बिल मॅकव्हे आपल्या बागेत वाकून काम करीत होता. पत्रकाराच्या प्रश्नावर त्याने क्षणभर मान वर केली आणि त्या एका क्षणात बड वेल्चना त्याच्या डोळ्यांत आपलेच दुःख दिसले. सप्टेंबर १९९८ मध्ये, तुरुंगात सेवा करणाऱ्या एका सिस्टरच्या मदतीने, ते न्यूयॉर्क राज्याच्या पश्चिम टोकाला त्याच्या घरी गेले. बिल गाड्यांचे रेडिएटर बनवणाऱ्या कारखान्यातला कामगार, तोही मिस्साला जाणारा. दोघे आधी बागेत हिंडले, भाज्या पाहिल्या, हवा-पाण्याचे बोलले. आपल्याकडेही दुःखाच्या घरी गेल्यावर आधी पावसाचेच बोलणे होते. मग स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसले. टिमथीची धाकटी बहीणही होती. भिंतीवर टिमथीचा शाळा संपतानाचा फोटो होता. बड वेल्चची नजर पुन्हा पुन्हा तिकडे जात होती. ते घरच्यांच्या ध्यानात आले असणार म्हणून काहीतरी बोलायला हवे असे वाटून ते म्हणाले, पोरगा दिसायला देखणा आहे. बिल मॅकव्हेच्या डोळ्यांतून एक टिपूस गालावर ओघळले. बागेत त्याने सांगितले होते, की त्याला सहसा रडताच येत नाही.

निघताना ती बहीण बड वेल्चच्या गळ्यात पडून रडू लागली. ज्याची मुलगी मारली गेली तो मारणाऱ्याच्या बहिणीला समजावत होता, की आपण सगळे ह्यात एकत्र आहोत, आयुष्यभर. पाठीवरचे मोठे ओझे उतरल्यासारखे आपल्याला तेव्हा वाटले, असे त्यांनी पुढे सांगितले.

अम्माऊसला येशूची ओळख रस्त्यावर पटली नाही. तो सगळे शास्त्र उलगडून सांगत होता तोवरही पटली नाही. घरात, जेवणाच्या टेबलाशी, त्याने भाकर मोडली तेव्हा पटली. न्यूयॉर्कमधल्या त्या स्वयंपाकघरात आणखी कोण बसले होते हे आम्ही सांगायला हवे असे नाही.

ह्या स्फोटाच्या महिनाभर आधी, २५ मार्च १९९५ रोजी, पोप दुसरे जॉन पॉल यांनी जीवनाच्या शुभवर्तमानावर विश्वपत्र काढले होते. देहदंड अनिवार्य ठरावा असे प्रसंग आजच्या काळात जवळजवळ उरलेलेच नाहीत, अशी शिकवण त्यात होती. ती शिकवण कोऱ्या कागदावर सोपी होती. ओक्लाहोमाच्या ढिगाऱ्यावर ती कठीण झाली. तरी २००१ साली मॅकव्हेच्या फाशीची तारीख जवळ आली तेव्हा पोप महाशयांनी अमेरिकेच्या अध्यक्षांकडे त्याच्या जिवासाठी विनंती केली. पोप फ्रान्सिस यांनी २०१८ मध्ये धर्मशिक्षण ग्रंथात बदल करून देहदंड अस्वीकारार्हच असल्याचे स्पष्ट केले. आपल्यातल्या अनेकांना हे पटत नाही. कसाबच्या वेळी चर्चच्या पायऱ्यांवरच आपण काय काय बोललो, ते आम्ही ऐकले आहे.

पण ज्यांना फाशी हवी होती त्यांना दोष देण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिलेला नाही. दोनशेहून अधिक जखमींनी आणि मृतांच्या नातलगांनी ओक्लाहोमा सिटीत बसून तो मृत्युदंड खास प्रक्षेपणाद्वारे पाहिला. त्यांत पाळणाघरातल्या लेकरांचे नातलगही असतील. त्यांच्यासाठीही तो पुतळा तोंड झाकून उभा आहे. क्षमा ही दुसऱ्याच्या गळी उतरवण्याची वस्तू नव्हे. बड वेल्चनीही ती कोणावर लादली नाही. मॅकव्हेनेही शेवटपर्यंत जाहीरपणे क्षमा मागितली नाही.

११ जून २००१ रोजी, सोमवारी सकाळी, इंडियाना राज्यातल्या टेरे होटच्या तुरुंगात विषाचे इंजेक्शन देऊन त्याला ठार करण्यात आले. त्याआधी तुरुंगाच्या कॅथलिक फादरांकडून त्याने तैलाभ्यंगाचा साक्रामेंत घेतला. मनात काय होते ते देव जाणे. एवढे खरे, की बाप्तिस्म्यापासून सुरू झालेले तेल त्या कोठडीपर्यंत जाऊन पोचले. कुणाला हा अन्याय वाटेल. १६८ जणांपैकी बहुतेकांना असा अभ्यंग घ्यायला एक मिनिटही मिळाले नव्हते.

दर रविवारी विश्वासू जनांच्या प्रार्थनेत आपण स्फोटांत, दंगलींत मेलेल्यांसाठी विनवणी करतो. ते योग्यच आहे. पण गेल्या एवढ्या वर्षांत आपल्या वेदीवरून एकदाही मारेकऱ्यांच्या आईबापांसाठी विनवणी झालेली आम्हाला आठवत नाही. कागद आमच्याच हाताने लिहिले जातात, म्हणजे चूक आमची आहे. त्यांचीही मुले कधी कुणाच्या मांडीवर खेळलेली असतात, भिंतीवर त्यांचेही फोटो असतात. पुढच्या रविवारी ती विनवणी वाचली जाईल. ज्याला तिला उत्तर द्यायला जड जाईल त्याने गप्प राहिले तरी चालेल. ज्याच्या घरातून कोणी गेले आहे त्याने तर नक्कीच.

मर्रा इमारतीच्या जागेवर आज १६८ रिकाम्या खुर्च्या आहेत. इमारतीचे मजले नऊ म्हणून खुर्च्यांच्या ओळीही नऊ, आणि १९ खुर्च्या आकाराने लहान. तपासात पुरावा हाती यावा म्हणून तोडायला निघालेले ते एल्मचे झाड मात्र राहिले. त्याच्या बियांपासून दरवर्षी रोपे करतात आणि ती लोकांना वाटतात.