तेवढंच लिहा

सोलापूर जिल्ह्यातल्या एका गावात आठ एकर काळ्या रानाची वाटणी झाली. चार एकर भावाला, चार एकर थोरल्या बहिणीला. तिला सगळं गाव आक्काच म्हणतं. नवरा वारल्यावर ती माहेरी आली तेव्हा भावानं आनंदानं साडीचोळी केली. वडिलोपार्जित रानातला हिस्सा मागितल्यावर मात्र बोलणं टाकलं. हिंदू उत्तराधिकार कायद्यातल्या 2005 च्या दुरुस्तीनं मुलगीही मुलासारखीच जन्मानं हिस्सेदार झाली, आणि त्या साली वडील हयात असायलाच हवेत असं नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं 2020 मध्ये स्पष्ट केलं. पण कायदा बदलला म्हणून बांधावरचा माणूस त्याच दिवशी बदलत नाही. दावा झाला, हुकूमनामा झाला, मोजणी होऊन सातबारा वेगळा निघाला. तरी रानात पाय ठेवता येईना.

पहिल्या पेरणीला भावानं ट्रॅक्टर आडवा लावला. ठाण्यात सांगितलं, "दिवाणी बाब आहे, कोर्टात जा." आक्का कोर्टात गेली. निशाणी 5 चा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा, अर्ज मंजूर झाला : तिच्या वहिवाटीला भावानं हरकत करू नये. आदेशाची नक्कल प्लास्टिकच्या पिशवीत घालून ती पुन्हा रानात गेली. भावानं पिशवी उघडलीसुद्धा नाही. हातातला कोयता वर उचलला. आक्का जागची हलली नाही. मग त्याचा हात खाली आला, कोयता त्यानं बांधाला टेकवला आणि तोंड फिरवून म्हणाला, "जा इथनं."

दुसऱ्या दिवशी ती तालुक्याला वकीलबाईंकडं गेली. वकीलबाई तरुण, हुशार, कळवळ्याच्या. त्यांनी दोन वाटा सांगितल्या. मनाई मोडली म्हणून अर्ज करायचा. त्यात तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. नाहीतर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 151 खाली पेरणीपुरतं पोलीस संरक्षण मागायचं.

"मला त्याला आत घालायचं न्हाई," आक्का म्हणाली. "मला पेरायचंय."

मग शपथपत्र टाइप झालं. वकीलबाईंनी वाचून दाखवलं. 'प्रतिवादीने अर्जदारावर कोयत्याने वार करण्याचा प्रयत्न केला व अर्जदार थोडक्यात बचावली' इथं आक्कानं हात वर केला.

"वार न्हाई केला त्यानं. उचलला व्हता. मग खाली ठिवला."

"मावशी, असं लिहिलं की कोर्टाला निकड कळते."

"निकड हाय तेवढी हायच की. कोयता उचलला हे लिहा. खाली ठिवला हेबी लिहा. तेवढंच लिहा."

भाऊबंदकीच्या कज्ज्यांत संरक्षण मागायला माणसं लाजतात, आणि मागायला गेली की भीतीपोटी पदरचं घालून लिहितात. दोन्ही मला चुकीचं वाटतं. जिवाला धोका असेल तर न्यायालयाकडं जाण्यात घराण्याची अब्रू जात नाही. ती कोयता उचलला तेव्हाच गेलेली असते. पण शपथेवर लिहिलेलं एक खोटं वाक्य दाव्याच्या निकालानंतरही दोन घरांच्या मध्ये तसंच उभं राहतं.

तारखेला भावाच्या वकिलानं सांगितलं, बाईंनी सगळं रचलं आहे. न्यायाधीशांनी शपथपत्रातला तो परिच्छेद भर कोर्टात वाचला, 'खाली ठेवला' या शब्दांपर्यंत. रचणारी बाई हे कशाला लिहील, असं त्यांनी विचारलं. भाऊ मागच्या बाकावर होता. स्वतः केलेली गोष्ट दुसऱ्याच्या तोंडून जशीच्या तशी ऐकताना त्यानं मान खाली घातली. आदेश झाला : पेरणीच्या दिवशी पोलिसांनी बंदोबस्त द्यावा.

हस्त नक्षत्रात पेरणी झाली. लिंबाखाली दोन पोलीस आणि एक महिला शिपाई बसले होते. तिफणीच्या चाड्यावर आक्का स्वतः मूठ धरून होती. मालदांडीचं बी बोटांतून सुटत होतं आणि तिच्या ओठांतल्या ओठांत काही चाललं होतं. भाऊ पलीकडच्या बांधावर दिवसभर बसून राहिला. हातात काही नव्हतं. उन्हं कलली तशी पोलिसांनी पंचनाम्यावर सही घेतली : पेरणी शांततेत झाली, हरकत कोणी केली नाही.

बहीण-भाऊ अजून बोलत नाहीत. दिवाळीला तिनं ओवाळणीचं ताट केलं नाही, तोही आला नाही. पण काढणी जवळ आली तेव्हा वकीलबाईंनी निरोप धाडला, बंदोबस्तासाठी पुन्हा अर्ज करायचा का? आक्कानं नको म्हणून कळवलं.

फेब्रुवारीत ज्वारी निघाली. त्या दिवशी रानात पोलीस नव्हता.