आधी कोण?

आमच्या कचेरीत ज्येष्ठतेची यादी लागली, की मंडळी ती मॅट्रिकच्या निकालासारखी बघत. हेडक्लार्कची जागा रिकामी झाली तेव्हा नाना यादीत पहिले, मी दुसरा. नानांची टिपणी तीन ओळींची, माझी तीन पानांची. तेव्हा गुणवत्ता कोणाची, याबद्दल निदान मला तरी शंका नव्हती!

पण नियम पडला 'आधी ज्येष्ठता, मग गुणवत्ता'. त्याचा अर्थ सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्येच सांगून ठेवलेला: कामापुरती किमान पात्रता असली, की ज्येष्ठाचा नंबर आधी, धाकटा त्याहून हुशार असला तरी. शिवाय बढती हा हक्क नाही, बढतीसाठी विचार होणं हा हक्क. माझा विचार झाला आणि नाना हेडक्लार्क झाले.

घरी मी न्याय-अन्यायावर बराच वेळ बोललो. शेंगा निवडता निवडता बायको म्हणाली, "तुम्हाला टिपणी लिहायला शिकवलं कोणी हो?"

नानांनीच. तीही तीन ओळींची. पानं मी वाढवली.

गोपनीय अहवालात याला रकाना नाही. साहेबाची मर्जी फिरते; रुजू झाल्याची तारीख फिरत नाही. दुसऱ्या दिवशी नानांचा पेढा घेतला. गोड लागला, हेच जरा खटकलं.