चहाला उकळी येईपर्यंत

आज पहाटे साडेपाचला उठलो, चहाचं आधण ठेवलं आणि त्याला उकळी येईपर्यंत सतरा सामने उरकले. त्यातले अकरा हरलो.

सामने बास्केटबॉलचे, मैदान पडद्यावरचं. मुलगा नोकरीसाठी बंगळुरूला गेला तेव्हा त्याचा कन्सोल घरीच राहिला आणि त्याच्यासोबत ‘एनबीए २के’ हा खेळही. बँकेतून निवृत्त झालो त्या पावसाळ्यात मी त्यावरची धूळ पुसली. पहाटे उठायची सवय मात्र त्याआधीची. अमेरिकेत रात्री रंगणारे सामने आपल्याकडे उजाडता उजाडता दिसतात, त्यामुळे या खेळाचं वेड लागलेल्या माणसाला इथे भूपाळीच्या वेळेलाच जाग येते.

सुरुवातीला मी एकूण एक सामना खेळायचो. एनबीए या अमेरिकेतल्या बास्केटबॉल लीगच्या हंगामात एका संघाच्या वाट्याला ८२ सामने येतात. खऱ्यासारखे बारा-बारा मिनिटांचे चार क्वार्टर ठेवले, तर एकेक सामना तासाभराहून जास्त खातो. मध्ये फाउल होतात, घड्याळ थांबतं, टाइमआउट घेतले जातात. दिवाळीत मुलगा घरी आला, त्याने माझा हंगाम पाहिला आणि कपाळाला हात लावला. “बाबा, तू सगळ्या मॅचेस खेळत बसलायस? सिम कर ना!”

सिम करायचं म्हणजे कॅलेंडरवरची एक तारीख निवडायची आणि बटण दाबायचं. कोणी धावत नाही, चेंडू दिसत नाही. तारखांच्या चौकोनांत निकाल उमटत जातात आणि तीस संघांचे मिळून १,२३० सामने काही मिनिटांत इतिहासजमा होतात. मला ते पोथी न वाचता नुसती पानं उलटण्यासारखं वाटलं. खेळायचं नाही, तर मग खेळ घ्यायचाच कशाला? मुलाने वाद घातला नाही. त्याने फक्त माझा तक्ता माझ्यापुढे धरला. ८२ पैकी ७४ विजय. खऱ्या एनबीएतला विक्रम ७३ विजयांचा आहे, २०१५-१६ च्या हंगामात गोल्डन स्टेट वॉरियर्सने केलेला. तो मी मोडला होता, आणि कोणता संघ घेऊन? सॅक्रामेंटो किंग्ज.

हा संघ मी का घेतला, ते सांगायला हवं. ५ ऑक्टोबर २०१९ ला वरळीच्या एनएससीआय डोममध्ये मी किंग्जना डोळ्यांनी पाहिलंय. भारतात एनबीएच्या संघांचे सामने पहिल्यांदाच होत होते. संघाचे प्रमुख मालक विवेक रणदिवे मुंबईत जन्मलेले, त्यामुळे टाळ्या किंग्जसाठी जास्त. आदल्या दिवशी जादा वेळेत एका गुणाने हरलेला हा संघ त्या दिवशी इंडियाना पेसर्सकडून १३० विरुद्ध १०६ असा सपशेल हरला. आणि का कोण जाणे, येताना माझ्यासोबत घरी आला तो हाच. २००६ नंतर सलग सोळा हंगाम या मंडळींना प्लेऑफ दिसले नव्हते. २०२३ मध्ये ती साडेसाती संपली तेव्हा मी इथे पेढे वाटले होते. शेजाऱ्यांना वाटलं, मुलाचं लग्न ठरलं.

तर असा संघ माझ्या अंगठ्यांखाली ७४ सामने जिंकत होता. याचा अर्थ तो सॅक्रामेंटो राहिलाच नव्हता. पाच खेळाडूंचे कपडे घालून कोर्टावर मीच धावत होतो. यंत्राचा बचाव कुठे उघडा पडतो ते मला पाठ झालं होतं. डाव्या कोपऱ्यातून एक विशिष्ट चाल केली की माणूस मोकळा सुटायचा, आणि मी ती चाल रोज, प्रत्येक संघाविरुद्ध करायचो. हंगाम कसला, तो माझ्या एका युक्तीचा ८२ वेळा केलेला जप होता.

मुलगा परत गेल्यावर मी पहिल्यांदा सिम केलं. ३४ विजय, ४८ पराभव. तक्ता बघून वाटलं, हां, हे सॅक्रामेंटो.

सिममध्ये आत काय घडतं? प्रत्येक खेळाडूच्या नावापुढे आकडे असतात: तीन गुणांचा फटका किती जमतो, रिबाउंड किती मिळवतो, चेंडू किती वेळा हातून घालवतो, फटका घ्यायचा सोस किती. एनबीएच्या आजच्या सामन्यात एका संघाच्या हाती चेंडू सुमारे शंभर वेळा येतो. अशा खेळाचं यंत्र साधारणपणे त्या प्रत्येक वेळी एक फासा टाकतं, आणि त्या फाशाचं वजन खेळाडूंच्या आकड्यांवर ठरतं. चांगल्या संघाचे फासे चांगले, एवढंच. ते उलटे पडणारच नाहीत असं कोणी लिहून दिलेलं नसतं. ‘बास्केटबॉल जीएम’ नावाचा एक खेळ तर ब्राउझरवर फुकट मिळतो आणि त्यात स्वतः खेळायची सोयच नाही. संघ बांधा, फासे पडू द्या, तक्ता वाचा. आयुष्यभर दुसऱ्यांचे ताळेबंद वाचलेल्या माझ्यासारख्याला हा स्वर्गच म्हणायचा.

आणि मग आठवलं की हे मी आधीही केलंय. सातवी-आठवीत, मागच्या बाकावर, पुस्तक क्रिकेट. पुस्तक उघडायचं, डाव्या पानाच्या क्रमांकातला शेवटचा आकडा म्हणजे धावा, शून्य आलं की बाद, आठ आले तर एक धाव. (हा आठाचा नियम वर्गागणिक बदलायचा आणि त्यावरून मारामाऱ्या व्हायच्या.) वहीच्या मागच्या पानावर दोन्ही संघांची नावं आणि धावफलक. माझं भूगोलाचं पुस्तक ४६ व्या पानाशी शिवणीतून सैल झालं होतं. इतरांच्या वेळी मी ते सरळपणे उघडायचो, पण वेंगसरकर फलंदाजीला आले की अंगठा आपोआप त्या सैल जागी जायचा. षटकार. पुन्हा षटकार. त्यांनी माझ्या वहीत एका डावात तीनशे ऐंशीच्या वर धावा केल्यात. फासा टाकणाऱ्याचा अंगठा कुठे असतो, हा या प्रकारातला सगळ्यात जुना प्रश्न आहे.

कन्सोलमध्येही एक ४६ वं पान आहे. सिम करण्याआधी हंगाम जपून ठेवायचा. निकाल आवडला नाही, तर ती जपलेली प्रत पुन्हा उघडायची आणि तोच सामना परत होऊ द्यायचा. फासे नव्याने पडतात. तिसऱ्या-चौथ्या खेपेला हवं ते येतंच. मी हे केलं आहे, आणि एकदा नाही. प्लेऑफमधल्या एका निर्णायक सातव्या सामन्यासाठी तर पाच वेळा केलं. सहाव्यांदा जिंकलो तेव्हा पडद्यावर झिरमिळ्या उडत होत्या आणि मी इकडेतिकडे बघत होतो, कोणी पाहिलं तर नाही ना.

काही सामने सोडून द्यायचे असतात, हे खऱ्या मैदानावरच्या लोकांनाही ठाऊक आहे. नोव्हेंबर २०१२ मध्ये सॅन अँटोनियोचे प्रशिक्षक ग्रेग पॉपोविच यांनी मायामीतल्या सामन्याआधी डंकन, पार्कर, जिनोबिली आणि ग्रीन या चौघा प्रमुख खेळाडूंना विमानात बसवून घरी पाठवलं. लीगने संघाला अडीच लाख डॉलर दंड ठोठावला. उरलेल्या पोरांनी तो सामना फक्त पाच गुणांनी गमावला, हा त्यातला मजेशीर भाग. मला वाटतं, पॉपोविचनी त्या रात्री तो सामना सिमच केला. तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकांना ते आवडलं नाही, आणि तेही बरोबरच होते.

पण सिममध्ये नेमकं काय गळतं, याचा विचार करताना माझ्या डोळ्यांपुढे दरवेळी एक सोमवार उभा राहतो. २० जून २०१६, आपल्याकडची सकाळ, तिकडची रविवारची रात्र. तेच ७३ सामने जिंकलेले वॉरियर्स आणि समोर क्लीव्हलँड, अंतिम मालिकेतला सातवा सामना. तीन-एक असे मागे पडलेले क्लीव्हलँडवाले तीन-तीनवर आले होते. शेवटच्या क्वार्टरमध्ये ४ मिनिटं ३९ सेकंद उरलेली असताना क्ले थॉम्प्सनने बरोबरी साधली, ८९-८९. आणि त्यानंतर कोणी गुणच करेना. जगातले सगळ्यात चांगले नेमबाज फटका मारतायत आणि चेंडू रिंगला लागून बाहेर येतोय. दोन्हीकडे पाय जड झालेले. वॉरियर्सचा इग्वोडाला एकटा बास्केटकडे सुटला, चेंडू आत जाणार एवढ्यात मागून क्लीव्हलँडचा लेब्रॉन जेम्स आला आणि त्याने तो बोर्डावर चेपला. मला सोसायटीच्या मीटिंगला जायचं होतं, गेलो नाही. ५३ सेकंद उरले असताना कायरी अर्व्हिंगने करीच्या डोक्यावरून तीन गुण मारले, तेव्हा कुठे फलक हलला. शेवटी ९३-८९.

म्हणजे पावणेचार मिनिटं दोन्ही संघांच्या नावावर एकही गुण नाही. गुणतक्त्यात बघा, हुकलेल्या फटक्यांच्या बेरजेत ती कुठेतरी बुडालेली आहेत. लेब्रॉनच्या नावापुढे ‘ब्लॉक’च्या रकान्यात एकाची भर, बस. आजवर एवढं बास्केटबॉल पाहिलं, त्यातल्या सगळ्यात भरगच्च पावणेचार मिनिटांची तक्त्यातली किंमत शून्य. सिम मला ९३-८९ देऊ शकेल, एखाद्या दिवशी देईलही. मधलं ते शून्य देणार नाही.

हे लिहिताना वाटलं, आता मी खेळण्याच्या बाजूने निकाल देऊन मोकळं व्हावं. पण मग विल्ट चेंबरलेन आडवा येतो. २ मार्च १९६२, पेनसिल्व्हानियातलं हर्शी हे चॉकलेटचं गाव, प्रेक्षक ४,१२४. फिलाडेल्फिया वॉरियर्सच्या चेंबरलेनने न्यूयॉर्कविरुद्ध एकट्याने १०० गुण केले. ६३ फटक्यांपैकी ३६ आत, ३२ फ्री थ्रोपैकी २८. ते टीव्हीवर दाखवलं गेलं नाही, त्याचं चित्रीकरण कुठेही नाही. शेवटच्या भागाचं रेडिओवरचं समालोचन आहे आणि ‘१००’ लिहिलेला कागद धरून बसलेल्या चेंबरलेनचा एक फोटो. या खेळातली सगळ्यात गाजलेली कामगिरी जगातल्या जवळपास सगळ्यांपर्यंत तक्त्यातूनच पोचली आहे. तरी साठ-पासष्ट वर्षं लोक तो तक्ता वाचतात आणि प्रत्येकाच्या मनात ते छत्तीस फटके वेगळे पडतात. माझ्या मनात त्यातले बरेचसे डावीकडून पडतात. का, ते मला सांगता येणार नाही.

माझा खेळ आता बरेच हंगाम पुढे गेलाय. लेब्रॉन निवृत्त झाल्याची बातमी एका ओळीत येऊन गेली, चहा गाळेपर्यंत मीही ती विसरलो. खऱ्या खेळाडूंची पिढी सरली की यंत्र दर ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या निवडीत, प्रत्यक्षात कुणीच नसलेली पोरं जन्माला घालतं. त्यातलं एक पोर माझ्याकडे आहे. वय २०, उंची सहा फूट दहा इंच, चेहरा यंत्राने घाईत बनवल्यासारखा. ड्राफ्टमध्ये दुसऱ्या फेरीत मिळाला. त्याला खेळताना मी एकदाही पाहिलेलं नाही. त्याचा फटका कसा आहे, तो कोणत्या बाजूला वळतो, मला माहीत नाही. फक्त आकडे वाढताना पाहिलेत, नऊ गुणांवरून चौदा, चौदावरून एकोणीस. बायको म्हणते, मुलाच्या मार्कशीटकडे तुम्ही कधी एवढं बघितलं नव्हतं.

आज सकाळच्या सतराव्या सामन्यात तो जायबंदी झाला. सहा ते आठ आठवडे बाहेर.

अंगठा सवयीने ४६ व्या पानाकडे गेला. सतरा सामन्यांपूर्वीची प्रत जपलेली होती. ती उघडली की दुखापत नाही, कदाचित अकरा पराभवांचे आठच होतील. उघडण्याआधी सहज त्या सामन्याचा तक्ता पाहिला. पोराने ३१ गुण केले होते, १२ रिबाउंड. आजवरचा त्याचा सगळ्यात मोठा सामना, दुखापत होण्याआधीच्या तीन क्वार्टरांतला. प्रत बदलली तर तेही गेले असते. तो पुन्हा कधी ३१ करेल, पण हे ३१ नव्हेत.

स्वयंपाकघरातून हाक आली, “उकळून निम्मा झाला चहा! जिंकलात का?”

“हरलो.”

“मग परत लावणार असाल.”

मी बँकेच्या जुन्या डायरीचं मागचं पान उघडलं आणि तारीख घालून लिहिलं: ३१ गुण, १२ रिबाउंड, चौथ्या क्वार्टरला बाहेर. फटके किती आत गेले, तेही लिहिलं, वीसपैकी अकरा. मग कन्सोल बंद केला आणि चहा गाळायला गेलो.