पहिला घाणा

दिवाळीच्या चकल्यांचा पहिला घाणा कुणी पाहुण्यांपुढे ठेवीत नाही. मीठ, मोहन आणि तेलाचा ताव अजमावण्यासाठी तो काढायचा आणि घरच्या मुलांनी चुलीभोवतीच संपवायचा. पण येडशीच्या आमच्या घरी आई दरवर्षी म्हणे, "पहिल्या घाण्याची चव मागच्याला येत नाही." गरम खाल्ल्यामुळे तसे वाटते, अशी मी माझी समजूत घालीत असे. आता तेवढ्याने भागत नाही. आणि त्याला कारण झाले विलायतेतले एक गाणे.

हे गाणे 'क्वीन' या वाद्यवृंदाचे. चकचकीत पोशाख, रंगवलेले चेहरे आणि कडाडणारी गिटार यांचा जो 'ग्लॅम रॉक' १९७०च्या सुमारास तिकडे गाजला, त्याच लाटेत हा वाद्यवृंद पुढे आला. त्याचा गायक फ्रेडी मर्क्युरी आपल्याला अगदीच परका नाही. झांजीबारला १९४६ साली जन्मलेला हा पारशी मुलगा, मूळचा फारोख बलसारा, आपल्या पाचगणीच्या शाळेत वाढला आणि तिथेच सोबत्यांना जमवून 'द हेक्टिक्स' नावाने वाजवू लागला.

१९७१ साली लंडनच्या वेम्ब्ली भागात एक नवा स्टुडिओ उभा राहत होता. त्याची यंत्रे तपासण्यासाठी मोठ्याने वाजवणारे कुणीतरी हवे होते. आणि या चौघांना पैसे न देता ध्वनिमुद्रण करून हवे होते. सौदा जमला. त्या वेळी पाच गाणी मुद्रित झाली. त्यांतले एक गिटारवादक ब्रायन मे यांचे, 'कीप युवरसेल्फ अलाइव्ह', म्हणजे 'स्वतःला जिवंत ठेव'.

पुढे ट्रायडंट या नामांकित स्टुडिओत तेच गाणे पुन्हा मुद्रित करायचे ठरले. दुसऱ्यांचे काम आटोपल्यावर जे अवेळीचे तास उरत, ते यांच्या वाट्याला येत. वाजवणे नेटके झाले, पण कच्च्या मुद्रणातला जीव काही केल्या येईना. सगळ्या आवाजांची जुळणी पुन्हा पुन्हा करून पाहिली. अखेर माइक स्टोन या तरुण साहाय्यकाने केलेली जुळणी मान्य झाली आणि ६ जुलै १९७३ रोजी वाद्यवृंदाची पहिली छोटी तबकडी बाजारात आली. खपाच्या यादीत तिला जागाही मिळाली नाही. पहिल्या मुद्रणातली जादू दुसऱ्यात उतरली नाही, असे मे पुढेही सांगत राहिले.

तर मग पहिले तेच खरे, बाकी सारी व्यर्थ घासाघीस, असे म्हणावे काय? इतके सोपे असते तर आम्हा मास्तरांची गरजच उरली नसती. याच मे यांनी मुलगा असताना वडिलांच्या मदतीने घरी गिटार घडवली. जुन्या शेकोटीच्या चौकटीचे लाकूड घेतले, मोटारसायकलच्या स्प्रिंगा बसवल्या आणि दोनएक वर्षे ते तासत बसले. तीच गिटार त्यांनी जन्मभर वाजवली. खगोलशास्त्राचा अर्धवट टाकलेला प्रबंध त्यांनी २००७ साली पुरा केला. मॅट्रिकपाशी थांबलेल्या माझ्यासारख्याला तर ही चिकाटी पाहून लाजच वाटते. १९७५ सालचे 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी' हे गाणे या मंडळींनी आवाजावर आवाज चढवीत आठवडेच्या आठवडे घोटले, आणि ते जगभर गेले. तेव्हा घोटण्यात दोष नव्हता.

मला वाटते, फरक पडला तो दुसरीकडेच. गिटार तासताना तिचा आवाज कसा निघेल, हे बापलेकांना ठाऊक नव्हते. ते शोधीत होते. ट्रायडंटमध्ये मात्र ते आपल्याच कालच्या आनंदाची नक्कल उतरवू पाहत होते. दोन्हीकडे मेहनत तीच, पण शोधणाऱ्याच्या हाती नवे काही लागते आणि नकलाकाराच्या हाती फार तर प्रत लागते. त्या पाचांपैकी 'द नाइट कम्स डाउन' हे गाणे मात्र त्यांनी पहिल्या मुद्रणाचेच मोठ्या तबकडीत घातले. कशाला हात लावू नये, हेही त्यांना एकदा उमगले होते.

मला ते उमगले नाही. माझ्या कादंबरीचा खर्डा मी चारदा उतरवून निर्जीव केला, ते नुकसान माझे एकट्याचे. पण काही वर्षांपूर्वी वर्गातल्या एका मुलीने रामलिंगच्या धबधब्यावर निबंध लिहिला. "पाणी दरडीवरून उडी टाकते आणि माकडे मागे सरतात," असे तिचे वाक्य होते. मी तांबड्या शाईने ते खोडले, 'नयनमनोहर' आणि 'निसर्गरम्य' घातले आणि स्पर्धेसाठी तिच्याकडून तीनदा लिहून घेतले. बक्षीस मिळाले नाही, त्याचे काही नाही. पुढच्या निबंधाच्या वेळी ती कोरी वही घेऊन माझ्यापाशी आली आणि म्हणाली, "सर, काय लिहू ते तुम्हीच सांगा ना."

त्या चौघांनी निदान स्वतःचे गाणे घोटले होते. मी दुसऱ्याचे घोटले, आणि तेही तिच्या भल्याचे नाव सांगून.

आजही वह्यांचा गठ्ठा पुढे आहे. तांबडी शाई लागतेच; वेलांट्या सुधारणे माझे कामच आहे. पण हल्ली वाक्य खोडण्यापूर्वी मी मुलाला जवळ बोलावून विचारतो, "हे तू स्वतः पाहिलेस का रे?" तो हो म्हणाला, तर वेलांटी तेवढी नीट करतो आणि वाक्य राहू देतो.

त्या मुलीला एवढे विचारायचे राहून गेले.