कात्री आणि चमत्कार

निर्माता आणि संकलक एकच माणूस असला, की पडद्यावरचा चमत्कार त्याच्याच कात्रीतून निघतो. मग तो दाखवणे ही श्रद्धेची फसवणूक ठरते का? दादासाहेब फाळक्यांचे काम पाहता मला तसे वाटत नाही. 1913 च्या ‘राजा हरिश्चंद्र’ची निर्मिती, दिग्दर्शन, संकलन त्यांनीच केले, फिल्मला भोके पाडण्यापासून ती धुण्यापर्यंत त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई बरोबरीने राबल्या. पण खरा पुरावा 1919 च्या ‘कालिया मर्दन’मध्ये आहे. त्याच्या सुरुवातीला फाळक्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी नुसत्या चेहऱ्याने राग, हसू, रडू असे भाव करून दाखवते आणि मगच तिचा कृष्ण होतो. ज्याला फसवायचे आहे तो मुखवट्यामागचा चेहरा आधी कशाला दाखवील?

कोणी म्हणेल, हे शहाण्यांपुरते झाले; फाळक्यांच्याच ‘लंका दहन’मध्ये राम दिसताच भाबडे प्रेक्षक पायताणे काढत असे सांगतात, त्यांचे काय? मला हा भाबडेपणाचा आरोपच अन्यायाचा वाटतो. दिग्रसमध्ये गणपती बसवणाऱ्याला मूर्ती मातीची आहे, दहा दिवसांनी विरघळणार आहे, हे पक्के माहीत असते. तरी प्राणप्रतिष्ठा होते, आरती होते, विसर्जनाला डोळे भरतात. घडवलेपणाचे ज्ञान भक्तीच्या आड येत नाही. निर्मात्याला तिकिटाचे पैसे मिळतात हा आक्षेप उरतो, पण पैसे मूर्तिकारालाही मिळतात. दोष लागतो तो कात्रीचा सांधा लपवून चमत्कारालाच दैवी साक्ष म्हणणाऱ्याला. फाळक्यांनी सांधा उघडा ठेवला होता.