शंका असेल तर चेंडू आत

पेण आणि रोहा या दोन तालुक्यांत टेनिसचा चेंडू ठाऊक नाही असे घर सापडणार नाही. दिवाळी सरली, भाताची झोडणी आटोपली की मोकळ्या शेतांत खेळपट्टी तयार होते, मंडप पडतो, लाउडस्पीकरवर समालोचन सुरू होते आणि गावोगावचे संघ टेनिस बॉलच्या क्रिकेटसाठी रात्र जागवतात. चेंडू तेवढा टेनिसचा. खुद्द टेनिस आपल्या मातीत कधी रुजलेच नाही. आपल्या मुलींच्या वाट्याला कबड्डी आली, खो-खो आला, धावणे आले. त्यामुळे प्रार्थना ठोंबरे कोण, असे इथल्या एखाद्या शाळेत विचारले तर किती हात वर होतील याचा अंदाज बांधणे कठीण नाही.

प्रार्थना सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीची. मुंबई-पुण्याच्या जिमखान्यांपासून दूर, ज्वारी-तुरीच्या बाजारासाठी आणि भगवंताच्या मंदिरासाठी ओळखल्या जाणाऱ्या गावातली. 2014 मध्ये दक्षिण कोरियातल्या इंचॉनला आशियाई स्पर्धेत तिने सानिया मिर्झाबरोबर महिला दुहेरीचे कांस्यपदक मिळवले. दोन वर्षांनी, वयाच्या 22 व्या वर्षी, ती रिओ ऑलिंपिकला गेली. जोडीला पुन्हा सानियाच. पहिल्याच फेरीत चीनच्या पेंग शुआई आणि झांग शुआई समोर आल्या. पहिला सेट टायब्रेकमध्ये गेला, दुसरा भारताच्या जोडीने 7-5 असा खेचून घेतला, तिसरा त्याच अंतराने हातचा गेला. एका सामन्यात ऑलिंपिक संपले.

प्रार्थनाचे टेनिस मात्र संपले नाही, आणि मला ओढ वाटते ती त्यानंतरच्या वर्षांची. ज्या स्पर्धांची बातमी आतल्या पानावर दोन ओळींत येते, कधी तीही येत नाही, अशा स्पर्धांतून ती खेळत राहिली. आज या देशात, पुढच्या आठवड्यात त्या देशात, दरवेळी वेगळी जोडीदार. 2025 च्या फेब्रुवारीत, तिशी ओलांडल्यावर, मुंबई ओपनमध्ये नेदरलँड्सच्या आरियान हार्टोनोबरोबर तिने दुहेरीची अंतिम फेरी गाठली. तिथे या दोघी हरल्या. आपल्या पेणच्या, हमरापूरच्या, जोह्याच्या कारखान्यांतून गणपती देशभर आणि परदेशातही जातात. घरोघरी त्यांची पूजा होते, पण मूर्ती घडवणाऱ्याचे नाव विचारायचे कुणाला सुचत नाही. व्यावसायिक टेनिसचा बराचसा भाग अशाच नाव न विचारल्या जाणाऱ्या हातांवर उभा आहे.

या पेशाचे गणित सरळ पाहिले पाहिजे. आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाने 2013 या वर्षाचा हिशेब तपासला होता. त्या वर्षी जगात सुमारे 14 हजार खेळाडू व्यावसायिक स्पर्धांत उतरले आणि त्यातल्या जवळपास निम्म्यांना बक्षिसाचा एक पैसाही मिळाला नाही. विमान, मुक्काम, जेवण, रॅकेटची जाळी ओवणे, कपडे धुणे असा एका महिला खेळाडूचा वर्षाचा खर्च साधारण 40 हजार डॉलर निघाला, आणि त्यात प्रशिक्षकाचे पैसे धरलेले नव्हते. हा खर्च भरून निघण्यासाठी जागतिक क्रमवारीत निदान 253 व्या क्रमांकाच्या आसपास असावे लागत होते. म्हणजे जगातली तीनशेवी सर्वोत्तम खेळाडू पदरमोड करून खेळत होती. तीनशेवी सर्वोत्तम डॉक्टर किंवा वकील पदरमोड करून काम करते, अशी कल्पना तरी करवते का? दुहेरी खेळणाऱ्यांची ओढाताण आणखी मोठी, कारण मुळात बक्षीस कमी आणि तेही दोघींत वाटून घ्यायचे.

श्रीमंत देशातही हे फारसे वेगळे नाही. अरिना रोडिओनोव्हा ही जन्माने रशियन, पुढे ऑस्ट्रेलियाची झालेली खेळाडू. टेनिस पाहणाऱ्यांनाही तिचे नाव चटकन आठवणार नाही. 2023 मध्ये तिने खालच्या पातळीवरच्या सात एकेरी स्पर्धा जिंकल्या. तरीही 2024 च्या ऑस्ट्रेलियन ओपनला तिच्याच देशाने तिला थेट प्रवेशाचे वाइल्ड कार्ड दिले नाही आणि पात्रता फेरीतून तिला पुढे जाता आले नाही. काही आठवड्यांनी, त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत, ती आयुष्यात पहिल्यांदा जगातल्या पहिल्या शंभरांत पोहोचली. वय 34. इतक्या उशिरा पहिल्यांदा शंभरात येणारी महिला त्याआधी झाली नव्हती. मधली सगळी वर्षे तिने कुठे काढली असतील? शेजारच्या रस्त्यावरचे लोकसुद्धा आत डोकावत नाहीत अशा कोर्टांवर.

या कोर्टांवर येण्याआधी प्रत्येक मुलगी एका शाळेतून जाते, आणि त्या शाळेचा एक नियम मला कित्येक दिवस स्वस्थ बसू देत नाही. वयोगटाच्या आणि सुरुवातीच्या पातळीवरच्या असंख्य सामन्यांना खुर्चीत बसणारा अंपायरच नसतो. चार-सहा कोर्टांमध्ये मिळून एखादा अधिकारी फिरत असतो, बस. मग चेंडू रेषेच्या आत पडला की बाहेर, हे कोण सांगणार? ज्या बाजूला चेंडू पडला त्या बाजूची खेळाडू. म्हणजे जिचा तोटा होणार आहे तीच न्याय देणार. नियम असा की निर्णय ताबडतोब आणि समोरचीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने द्यायचा, आणि मनात जराशी शंका असेल तर तिचा फायदा प्रतिस्पर्ध्याला द्यायचा. दुहेरीत दोघी जोडीदारांना वेगवेगळे दिसले तर रिवाज असा की चेंडू आतच धरायचा.

नीट दिसले नाही, म्हणजे चेंडू आत.

किती कठीण अट आहे ही! बारा वर्षांच्या पोरीने, घामाने डोळे चुरचुरत असताना, हातातला गुण आपणहून समोरचीला द्यायचा. कुंपणाबाहेर आई बसलेली, जिने बँकेतली ठेव मोडून नवी रॅकेट घेतली. पुण्यात एका वयोगटाच्या स्पर्धेत मी पाहिले, एका मुलीने रेषेवरचा चेंडू ‘आत’ म्हणून सोडला आणि कुंपणाशी उभ्या असलेल्या तिच्या वडिलांनी कपाळावर हात मारला. तेवढ्या एका हालचालीने त्या पोरीला काय शिकवले गेले असेल! पुढच्या तशाच चेंडूला तिने आधी वडिलांकडे पाहिले आणि मग हात वर केला. चेंडू बाहेर होता की नाही हे मी सांगू शकत नाही. पण रेषा पाहायच्या ऐवजी तिने वडिलांचा चेहरा पाहिला, हे मी पाहिले. मुलीला सामना हरू देणे पालकांना जड जाते, हे कळते. मुलीच्या हातून न्याय हरवतो आहे हे जड जाऊ नये, याचे दुःख वाटते.

आता वरच्या टोकाला पाहा. ऑस्ट्रेलियन ओपनने 2021 पासून सगळ्या कोर्टांवर रेषेचे निर्णय कॅमेऱ्यांकडे सोपवले. विम्बल्डनने 2025 मध्ये आपले लाइन अंपायर निवृत्त केले. जिथे एका गुणावर लाखो डॉलर फिरतात तिथे खेळाडूला स्वतःच्या बाजूच्या रेषेबद्दल बोलायची वेळच येत नाही. यंत्र बोलते आणि ती मानते. तिच्या प्रामाणिकपणाची परीक्षा उरलेली नाही. तळाला, जिथे पैसा नाही, प्रेक्षक नाहीत, कॅमेरा नाही, तिथे मात्र सगळा खेळ एका मुलीच्या शब्दावर चालतो. जिच्याकडे गमावण्यासारखे सगळ्यात जास्त आणि मिळण्यासारखे सगळ्यात कमी, तिच्याकडूनच हा खेळ सगळ्यात जास्त सचोटी मागतो. आणि या सचोटीची नोंद कुठल्याही क्रमवारीत होत नाही. जिंकलेल्या फेरीचे गुण मिळतात. ‘आत’ म्हणून दिलेल्या चेंडूचे मिळत नाहीत.

ही रचना फक्त टेनिसची असती तर मी या सदरात तिच्याबद्दल लिहिले नसते.

आपल्या गावच्या सामन्यांत फलंदाजी करणाऱ्या संघातलाच एखादा गडी अंपायर म्हणून उभा राहतो. त्याचा निर्णय आपल्या बाजूच्या विरुद्ध गेला की त्याला घरी जाईपर्यंत बोल ऐकावे लागतात. त्याला घाबरट म्हणतात, फितूर म्हणतात. पण याच मातीत कबड्डीही आहे. चढाई करणाऱ्याचे बोट बचाव करणाऱ्याला निसटते लागते, पंचाच्या लक्षात येत नाही, आणि ज्याला लागले तो हात वर करून आपल्या पायाने बाहेर जातो, असे खेळाडू रायगडात अनेकांनी पाहिले आहेत. त्या स्पर्शाची खबर दोघांनाच असते. म्हणजे बार्शीच्या मुलीला टेनिसने जे शिकवले ते आपल्याला परके नाही.

पेणमध्ये राहून या विषयावर लिहायचे आणि बँकेबद्दल गप्प बसायचे, हे मला जमणार नाही. 2010 मध्ये रिझर्व्ह बँकेने पेण अर्बन बँकेवर निर्बंध घातले, आणि जवळपास दोन लाख ठेवीदारांचे पैसे अडकले. बोगस कर्जखात्यांतून पैसा बाहेर गेल्याचे तपासात पुढे आले. ठेवीदार कोण होते? मिठागरात राबलेले, मासळी विकणाऱ्या, पापड लाटणाऱ्या, शाळेतून निवृत्त झालेले. मोठ्या धनकोकडे वकील असतो, हिशेबनीस असतो, तारण असते. या माणसांकडे काउंटरपलीकडच्या ओळखीच्या चेहऱ्यावरचा विश्वास होता. रेषा कुठे आहे हे सांगायचे काम ज्यांच्याकडे सोपवले होते, त्यांनी सांगितलेलेच या ठेवीदारांनी खरे मानले. बँकेतला एखादा माणूस एका सकाळी उठून दोन लाख लोकांना बुडवायचे ठरवत नसावा. एक शंकेचा कागद येतो, तो आपल्या बाजूने वाचला जातो. मग दुसरा येतो. शंकेचा फायदा स्वतःला द्यायची सवय लागली की पुढे शंका येणेच बंद होते.

आणि शेजारच्याच रोह्यात, कुंडलिका नदीच्या काठी, चिंतामणराव देशमुखांचे बालपण गेले. 1943 मध्ये ते रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले. पुढे देशाचे अर्थमंत्री झाले, 1952 ची निवडणूक त्यांनी आपल्याच कुलाबा (आताच्या रायगड) जिल्ह्यातून जिंकली. 1956 मध्ये मुंबईला महाराष्ट्रापासून वेगळे ठेवण्याचे घाटले तेव्हा त्यांनी मंत्रिपद सोडले. त्यांना कुणी जा म्हटले नव्हते. मंत्रिमंडळाची सामूहिक जबाबदारी, देशाच्या अर्थव्यवस्थेची निकड, अशी थांबण्याची सन्मान्य कारणे त्यांच्या हाताशी होती, आणि ती खोटीही नव्हती. मला त्यांच्या विद्वत्तेइतकाच हा क्षण मोलाचा वाटतो. शंकेचा फायदा स्वतःच्या खुर्चीला देण्याची पूर्ण मुभा असताना त्यांनी तो दिला नाही. रोह्यात त्यांचे नाव अभिमानाने घेतले जाते. पण त्यांची पदे मुलांना जितकी सांगितली जातात तितका हा राजीनामा सांगितला जात नाही, असे मला दिसते.

नावाजलेल्यांचे इतिहासात लिहिले जाते. प्रार्थनाचे, अरिनाचे, आणि त्यांच्याही खाली दोनशे-चारशे क्रमांकांवर खेळणाऱ्या शेकडो मुलींचे कुणी लिहीत नाही. त्यातल्या कित्येक पंचविशीच्या आत रॅकेट ठेवून देतील, नोकरीला लागतील, लोक विचारतील, ‘एवढी वर्षे खेळून मिळाले काय?’ हा प्रश्न क्रूर आहे, कारण तो फक्त मोजता येणाऱ्याचेच उत्तर मागतो. रेषेवरचे हजारो चेंडू जिने कुणी पाहत नसताना खरे सांगितले, तिला उद्या एखाद्या पतसंस्थेच्या, शाळेच्या, ग्रामपंचायतीच्या खुर्चीवर बसवायला मी एका पायावर तयार आहे. तिची क्रमवारी मी विचारणार नाही.

महिलांच्या या छोट्या आंतरराष्ट्रीय स्पर्धा सोलापुरात होतात, पुण्यात होतात, आपल्या शेजारच्या नवी मुंबईतही झाल्या आहेत. सहसा तिकीट नसते आणि खुर्च्या रिकाम्या असतात. पुन्हा जेव्हा होतील तेव्हा पेणच्या, रोह्याच्या शाळांनी आपल्या कबड्डीच्या मुलींना घेऊन जावे. मधल्या मोठ्या कोर्टावर गर्दी करू नये, कडेच्या कोर्टाशी बसावे आणि पात्रता फेरीचा सामना पाहावा. चेंडू रेषेजवळ पडला की नजर चेंडूवरून काढून खेळाडूवर ठेवावी. पेणहून सकाळची पहिली एसटी धरली तर नवी मुंबईत पहिला सामना सुरू व्हायच्या आत पोहोचता येते.