गुन्ह्याचें क्रौर्य आणि पुराव्याचें बळ

एखाद्या खुनाची हकीकत कानीं पडली म्हणजे आपल्या मनांत दोन इच्छा उत्पन्न होतात. ज्यानें हें कृत्य केलें तो सांपडावा, ही पहिली. आणि जो सांपडला त्यानेंच तें केलेलें असावें, ही दुसरी. पहिली इच्छा न्यायाची आहे. दुसरी न्यायाच्याच वेषांत येते, परंतु तिचें कूळ निराळें आहे. ती आपल्या संतापाला विसावा हवा असतो म्हणून जन्मास येते. या दोन इच्छा इतक्या पाठोपाठ येतात कीं एक कोठें संपली व दुसरी कोठें सुरू झाली हें पुष्कळदां कळतही नाहीं. प्रस्तुत लेखांत आम्हांस याच फरकाचा विचार करावयाचा आहे. आणि तो केवळ तत्त्वाच्या पातळीवर न करतां, आपल्याच नाशिक जिल्ह्यांत उद्भवलेल्या एका खटल्याच्या आधारानें करावयाचा आहे.

५ जून २००३ च्या रात्रीं शेतांतील झोपडींत राहणाऱ्या एका कष्टकरी कुटुंबावर दरोडा पडला. पांच जणांचे प्राण गेले. त्या रात्रीं जे अत्याचार झाले त्यांचें वर्णन करण्याचें येथें प्रयोजन नाहीं; ते ऐकून ज्याचें रक्त तापणार नाहीं असा मनुष्य विरळा, एवढें म्हटलें म्हणजे पुरे. पोलिसांनीं पुढें सहा जणांवर खटला भरला. ते सर्व भटक्या समाजांतील, अत्यंत गरीब, मोलमजुरी करणारे होते. जून २००६ मध्यें नाशिकच्या सत्र न्यायालयानें सहाही जणांस फांशीची शिक्षा सांगितली. मार्च २००७ मध्यें मुंबईच्या उच्च न्यायालयानें तिघांची फांशी कायम केली व तिघांस जन्मठेप दिली. ३० एप्रिल २००९ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें या दुसऱ्या तिघांचीही जन्मठेप रद्द करून सहाही जणांस पुन्हा फांशीच्या छायेंत उभें केलें. येथपर्यंत तीन न्यायालयें झालीं, आणि सहा जण अपराधी आहेत याविषयीं तिन्ही न्यायालयांचें एकमत झालें. परंतु २०१८ सालीं सर्वोच्च न्यायालयानें आपलाच निकाल मागें घेऊन अपिलें पुन्हा ऐकण्यास घेतलीं, आणि ५ मार्च २०१९ रोजीं सहाही जणांस निर्दोष ठरवून मुक्त केलें. त्या रात्रीपासून जवळजवळ सोळा वर्षें लोटलीं होतीं.

असें काय नवें उजेडांत आलें, असें वाचक विचारतील. नवें फारसें कांहीं नव्हतें. जें होतें तें जुनेंच होतें. घटनेनंतर दोनच दिवसांनीं, ७ जून रोजीं, त्या झोपडींतून वांचलेल्या स्त्रीस पोलिसांच्या दप्तरांतील गुन्हेगारांचीं छायाचित्रें दाखविण्यांत आलीं होतीं, आणि तिनें त्यांतून चार माणसें ओळखलीं होतीं. दंडाधिकाऱ्यासमोर तिचें तसें निवेदनही नोंदलें गेलें होतें. या चौघांपैकीं एकही जण पुढें आरोपीच्या पिंजऱ्यांत दिसला नाहीं. उभे राहिले ते दुसरेच सहा, आणि कांहीं काळानें ओळखपरेडींत त्यांची ओळख पटली. तें पहिलें निवेदन सरकार पक्षानें न्यायालयापुढें आणलें नाहीं. सहा मनुष्यांचे प्राण ज्या कागदावर अवलंबून होते तो कागद अस्तित्वांत होता, परंतु त्याच्याकडे पाहण्याची गरज कोणास वाटली नाहीं.

त्या दुर्दैवी स्त्रीस दोष देण्याचें धाडस आम्ही करणार नाहीं. जिनें डोळ्यांदेखत आपलें घर बुडालेलें पाहिलें तिच्या स्मृतीनें पंचांगाप्रमाणें अचूक असावें, ही अपेक्षाच निर्दय आहे. स्मृति ही पेटींत ठेवलेली वस्तु नव्हे. प्रत्येक वेळीं बाहेर काढतांना तिच्यावर हाताळणीचे डाग पडतात. म्हणूनच पहिल्या दोन दिवसांतील शब्दाची किंमत महिन्यांनंतरच्या शब्दाहून अधिक असते. हें सांभाळणें साक्षीदाराचें काम नसून तपास करणाराचें, सरकारी वकिलाचें व अखेरीस न्यायाधीशाचें काम आहे. आमचा प्रश्न या तिघांना आहे, आणि त्यांच्या पाठीशीं उभें राहून ‘लवकर, लवकर’ म्हणून ओरडणाऱ्या आपणां सर्वांना आहे.

१८७२ च्या पुराव्याच्या कायद्यानें ‘शाबीत’ या शब्दाची व्याख्या करतांना शहाण्या मनुष्याचें माप घेतलें होतें. आणि २०२४ सालीं त्या कायद्याची जागा नव्या अधिनियमानें घेतली तरी तें माप बदललेलें नाहीं. हा शहाणा मनुष्य कोण? आमच्या मतें, जो दोन प्रश्न एकमेकांत मिसळूं देत नाहीं तो शहाणा. खून झाला काय, हा एक प्रश्न. तो या मनुष्यानें केला काय, हा दुसरा. प्रेतावरील जखमा पहिल्या प्रश्नाचें उत्तर देतात. दुसऱ्याविषयीं त्या बहुधा मुक्या असतात. जखमा जितक्या भयंकर तितका पहिला प्रश्न अधिक स्पष्ट होतो, परंतु दुसरा तसूभरही पुढें सरकत नाहीं. असें असतां आपलें मन कसें चालतें पाहा. कृत्य अत्यंत क्रूर आहे. म्हणून कोणास तरी अत्यंत कठोर शिक्षा झाली पाहिजे. हा मनुष्य समोर उभा आहे. म्हणून यास ती झाली पाहिजे. या अनुमानांत ‘कोणास तरी’ हे शब्द केव्हां गळाले आणि त्यांच्या जागीं ‘यास’ हा शब्द केव्हां येऊन बसला, हें बोलणाराच्याही ध्यानांत येत नाहीं. गुन्ह्याच्या क्रौर्यानें पुराव्याची उणीव भरून काढली, ती या एका शब्दाच्या अदलाबदलीनें.

२००९ च्या निकालांत हीच चूक शिक्षेच्या विचारांतही शिरलेली दिसते. फांशी देतांना गुन्ह्याबरोबर गुन्हेगाराचाही, म्हणजे त्याच्या वयाचा, परिस्थितीचा व सुधारण्याच्या संभवाचा विचार केला पाहिजे, असें सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानें १९८० सालींच सांगून ठेवलें होतें. परंतु राजस्थानांतील एका खटल्याच्या पुढील निकालांत, गुन्ह्याचें स्वरूप तेवढें पाहावें, गुन्हेगाराचें पाहण्याचें कारण नाहीं, असा सूर निघाला. आणि आपल्या सहा जणांची फांशी कायम करतांना याच निकालाचा आधार घेण्यांत आला. पुढें पंधरवड्याच्या आंतच, मे २००९ मध्यें, सर्वोच्च न्यायालयाच्याच दुसऱ्या पीठानें तो आधार घटनापीठाच्या निर्णयाशीं विसंगत असल्याचें दाखवून दिलें. या सहा जणांपैकीं एक जण घटनेच्या वेळीं अल्पवयीन होता, असेंही मागाहून ठरलें. म्हणजे ज्यास कायद्यानें फांशी देतांच येत नाहीं अशा मुलालाही ती सांगितली गेली होती. केवळ कृत्याकडे टक लावून पाहणाऱ्या डोळ्यास मनुष्य दिसत नाहीं, हें सांगण्यास याहून बोलकें उदाहरण आम्हांस सुचत नाहीं.

यावर कोणी म्हणेल कीं, तुम्ही आरोपींची एवढी चिंता वाहतां, मग मेलेल्यांची कोणी वाहावी? पुराव्याच्या कांट्यावर इतकें बारीक वजन करीत बसल्यास खरे खुनीही सुटतील, त्याचें काय? हा आक्षेप उडवून लावण्यासारखा नाहीं. ज्याच्या घरांतलें माणूस मारलें गेलें त्याला ‘संशयाचा फायदा’ हे शब्द जखमेवर मीठ चोळल्यासारखे वाटले तर त्यांत नवल नाहीं. परंतु आपल्या भाषेंतील एक म्हण या ठिकाणीं फार शहाणपणाची आहे. ‘चोर सोडून संन्याशाला सुळी’ असें आपण म्हणतों, तेव्हां त्यांत संन्याशाचें नांव मागून येतें; आधीं चोर सुटल्याचें सांगितलें जातें. निरपराध्यास शिक्षा होणें आणि अपराधी सुटणें हीं एकाच तराजूचीं दोन पारडीं आहेत, एक वर गेलें कीं दुसरें खालीं येतें, असें आपण समजतों. वस्तुतः तीं पुष्कळदां एकाच घटनेचीं दोन नांवें असतात. छायाचित्रांतून ओळखलेले ते चौघे गुन्हेगार होते कीं नव्हते हें आम्ही सांगूं शकत नाहीं. परंतु सहा जणांस दोषी ठरविल्याबरोबर त्या चौघांचा शोध घेण्याचें कारण संपलें, एवढें निश्चित. २०१९ सालीं सर्वोच्च न्यायालयानें त्यांच्याविषयीं पुढील तपास करण्याचा आदेश दिला खरा. पण सोळा वर्षांपूर्वींच्या पावलांचा माग काढावयाचा कोठें? मेलेल्यांची चिंता ज्यांस खरोखर वाटते त्यांनींच खोट्या दोषारोपाविरुद्ध सर्वांच्या आधीं उभें राहिलें पाहिजे. कारण मेलेल्यांची फसवणूक त्यानेंच होते.

दुसरा आक्षेप सौम्य आहे, परंतु आम्हांस तो अधिक धोक्याचा वाटतो. अखेर न्याय झालाच ना, असें म्हणणारे पुष्कळ भेटतात. झाला, हें आम्हांस मान्य आहे. आणि ज्या न्यायालयानें स्वतःची चूक स्वतःच्या हातानें दुरुस्त केली त्याचा मोठेपणाही मान्य आहे. परंतु ही दुरुस्ती होऊं शकली ती फांशीस विलंब झाला म्हणून. ज्या विलंबाच्या नांवानें आपण बोटें मोडतों त्यानेंच सहा जीव राखले. दोर ओढला गेला असता तर तो कागद दप्तरांत तसाच राहिला असता. न्यायालयानें प्रत्येकास पांच लाख रुपये भरपाई देण्यास सांगितलें. रुपयांस आम्ही तुच्छ मानीत नाहीं. गरिबास त्यांचा उपयोग आहे. परंतु मृत्यूची वाट पाहत काढलेल्या रात्रींचा भाव अद्याप कोणत्याही बाजारांत ठरलेला नाहीं.

आपल्या इतिहासांत न्यायनिष्ठेचें उदाहरण म्हणून रामशास्त्री प्रभुण्यांचें नांव घेतात. १७७३ सालीं नारायणराव पेशव्यांचा खून झाला, तेव्हां शास्त्रीबोवांनीं चौकशी करून खुद्द रघुनाथरावांस दोषी ठरविलें. बलाढ्य मनुष्यास ‘तूं अपराधी आहेस’ असें सांगण्यास धैर्य लागतें, आणि त्या धैर्याचा आपण योग्य तोच गौरव करतों. परंतु धैर्याचा आणखी एक प्रकार आहे. सारा गांव खवळलेला असतां, मृतांचीं नांवें सर्वांच्या ओठांवर असतां, समोर उभ्या असलेल्या दुबळ्या, अनोळखी, जातीनें व पैशानें हीन समजल्या जाणाऱ्या मनुष्याकडे बोट करून ‘यानें तें केलें असें शाबीत झालेलें नाहीं’ असें सांगणें, हें तें दुसरें धैर्य होय. पहिल्या धैर्याला निदान पुढील पिढ्यांची वाहवा मिळते. दुसऱ्याला बहुधा तीही मिळत नाहीं, आणि म्हणूनच तें अधिक दुर्मिळ आहे.

हें धैर्य केवळ न्यायाधीशांनीं दाखवावें असें म्हणून आपणांस मोकळें होतां येणार नाहीं. न्यायाधीश, वकील व पोलीस हे आपल्यांतूनच निवडलेले असतात, आणि आपण जी हवा निर्माण करतों त्याच हवेंत ते श्वास घेतात. पुढच्या वेळीं एखादी भीषण वार्ता वाचून आपलें मन पेटेल, तेव्हां तें पेटूं नये असें आम्ही म्हणत नाहीं. न पेटणारें मन आम्हांस नको आहे. परंतु दुसऱ्या दिवशीं कोणास तरी धरल्याची बातमी येतांच मनाला जें समाधान वाटतें त्यास क्षणभर थांबवून विचारावें कीं, तुला खुनी सांपडल्याचा आनंद झाला आहे, कीं नुसता कोणी तरी सांपडल्याचा? या प्रश्नाचें उत्तर प्रामाणिकपणें देतां आलें तर एखादा कागद कदाचित् सोळा वर्षें आधीं उघडला जाईल.